जळगाव जामोदचा वकील आणि गणपतराव बोडस

बुलढाणा जिल्ह्याच्या उत्तरेस, सातपुड्याच्या पायथ्याशी वसलेल्या जळगाव जामोद येथे ज्यांनी वकिली केली आणि मराठी नाटकाला नवे वळण दिले, त्या श्रीपाद कृष्ण कोल्हटकरांचे नाव वाङ्मयेतिहासात सुप्रतिष्ठित आहे. परंतु नाटककाराच्या शब्दाला देह देणाऱ्या नटाचे ऋण रंगभूमी फार लवकर विसरते, आणि म्हणूनच कोल्हटकरांसंबंधी लिहिताना गणपतराव बोडसांचे स्मरण मला अगत्याचे वाटते.

गणपतराव १८८० साली नगर जिल्ह्यातील शेवगाव येथे जन्मले आणि कोवळ्या वयातच किर्लोस्कर नाटक मंडळीत दाखल झाले. याच मंडळीने १८९६ मध्ये कोल्हटकरांचे ‘वीरतनय’ रंगभूमीवर आणले. तो जमाना पदांचा होता. प्रेक्षक ‘वन्स मोअर’च्या गजरात एकेक पद पुनःपुन्हा गाऊन घेत, आणि दोन पदांमधले गद्य म्हणजे गवयाला मिळालेली उसंत, अशीच अनेकांची समजूत असे. कोल्हटकरांनी संगीताला नव्या चाली दिल्या हे खरे. पण कल्पित कथानक आणि कोटियुक्त, विनोदगर्भ संवाद ही त्यांची खरी देणगी, आणि अशा संवादांना गळ्याइतकीच बुद्धीही तयार असलेला नट लागतो. बोडसांच्या रूपाने मराठी रंगभूमीला तसा नट लाभला. ‘मानापमाना’तील भित्रा, धनमत्त लक्ष्मीधर असो वा ‘संशयकल्लोळा’तील संशयग्रस्त फाल्गुनराव, नायकपदाचे तेज नसलेल्या या माणसांना त्यांनी अशी प्रतिष्ठा दिली की प्रेक्षक त्यांच्याच प्रवेशाची वाट पाहू लागले.

१९१३ साली बालगंधर्व व गोविंदराव टेंबे यांच्यासह त्यांनी गंधर्व नाटक मंडळी स्थापिली.

मद्यपाननिषेधाचा विषय कोल्हटकरांनी ‘मूकनायका’त १९०१ सालीच हाताळला होता, त्यांना गुरुस्थानी मानणाऱ्या राम गणेश गडकऱ्यांनी तोच विषय ‘एकच प्याला’मध्ये शोकान्त परिणतीस नेला, पण त्याचा प्रयोग पाहणे त्यांच्या नशिबी नव्हते. १९१९ च्या जानेवारीत ते सावनेर येथे निवर्तले आणि पुढच्याच महिन्यात गंधर्व मंडळीने बडोद्यास नाटकाचा पडदा उघडला. बालगंधर्वांची सिंधू सर्वतोमुखी झाली. तथापि सनद तहकूब झाल्याच्या अपमानाने प्याल्याला जवळ करणारा वकील सुधाकर, त्याची विद्वत्ता, त्याचा अहंकार आणि पायरीपायरीने होणारा त्याचा अधःपात ज्यांनी साकार केला ते बोडस होते, आणि सुधाकर खरा वाटल्यावाचून सिंधूचे दुःख खरे वाटणे शक्यच नव्हते, असे माझे निश्चित मत आहे. कचेरी, पक्षकार, मुन्सफ यांच्या सहवासात आयुष्य वेचलेल्या कोल्हटकरांच्या शिष्याने वकिलालाच शोकनायक करावे, यात मला गुरुपरंपरेची खूण दिसते.

कोल्हटकर १९३४ साली वारले. बोडसांनी आपल्या नटजीवनाची हकीकत ‘माझी भूमिका’ या आत्मचरित्रात लिहून ठेवली, संगीत नाटक अकादमीने अभिनयासाठी त्यांचा गौरव केला, आणि १९६५ मध्ये त्यांचे निधन झाले.