परजगात पळता येत नाही

दुसऱ्या जगात नव्याने आयुष्य सुरू करणाऱ्या जपानी कथांवर, त्यातही व्हिज्युअल नॉव्हेल, म्हणजे चित्रांसोबत मजकूर वाचत खेळायच्या, प्रकारच्या गेम्सवर, एक आक्षेप ठरलेला असतो. हरलेला, घरकोंबडा तरुण. त्याला अचानक जादूचे जग लाभते, तिथे तो पराक्रमी ठरतो, सुंदर मुली भोवती जमतात आणि खेळणारा पडद्यावरचा मजकूर पुढे सरकवत या फुकटच्या यशात वाटेकरी होतो. थोडक्यात, पलायनवाद. 'कलेसाठी कला की जीवनासाठी कला' या फडके-खांडेकर वादावर पोसलेल्या मराठी वाचकाला हा शेरा नवा नाही. कोणत्याही रंजक लेखनावर तो मारला की पुढचे वाचण्याचे कष्ट वाचतात.

आक्षेपात तथ्य आहे, तेवढे मान्य करू. अशा कथांचे एवढे पीक आले की जपानमधल्याच काही कथास्पर्धांनी त्यांना दार बंद केले. त्यातल्या बहुतेक सुमार आहेत. पण सुमार नमुन्यांवरून प्रकाराचा निकाल लावायचा, तर आपल्या ऐतिहासिक कादंबरीचे काय होईल?

या प्रकारातला एक जुना आणि भक्कम गेम घेऊ. 'यू-नो' १९९६च्या डिसेंबरात एल्फ कंपनीने काढला. लेखक हिरोयुकी कान्नो. पूर्वार्ध आपल्याच जगात घडतो. नायक ताकुया अरिमा याच्या हाती वडिलांकडून आलेले एक यंत्र पडते. कथेला फुटलेल्या फांद्यांचा नकाशा खेळणाऱ्याला दिसतो. मोजक्या रत्नांपैकी एखादे एका ठिकाणी ठेवले, की पुढे चुकल्यावर तिथे परतता येते. एका फांदीवर मिळालेली वस्तू दुसऱ्या फांदीवर कामी येते. चूक सुधारण्याची, तेच दिवस पुन्हा जगून पाहण्याची सगळी चैन इथे, याच जगात आहे. मग ताकुया देला ग्रांते या परजगात जाऊन पडतो आणि हा नकाशा निरुपयोगी होतो. कथा एकाच वाटेने चालू लागते. तो संसार थाटतो, मुलगी होते, वर्षे सरतात, बायको जाते. रत्न ठेवून मागे फिरायची सोय आता नाही. उत्तरार्ध घाईत उरकला, अशी अनेक खेळाडूंची तक्रार आहे. घाई झालीही असेल. पण पूर्वार्धात तासन् तास मागेपुढे फिरण्याची सवय लागलेल्या माणसाला ती एकेरी वाट जी भीती देते, ती कोणत्याही कुशल वर्णनाने दिली नसती. पळवाट शोधायचीच असेल, तर या गेममध्ये ती आपल्या जगात सापडते, परजगात नाही.

दुसरा दाखला सर्वांच्या ओळखीचा. ताप्पेई नागात्सुकी यांची 'री:झीरो' ही कादंबरी २०१२मध्ये वेबवर क्रमशः सुरू झाली. तिच्यावर बेतलेला 'द प्रॉफेसी ऑफ द थ्रोन' हा गेम २०२१चा. नायक सुबारुकडे ना शौर्य, ना विद्या. मेला की तो काळात थोडा मागे फेकला जातो, इतकेच. बाकीच्यांना काही आठवत नाही. त्याला सगळे आठवते आणि ते कोणाला सांगता येत नाही. ही तर व्हिज्युअल नॉव्हेल खेळणाऱ्याचीच अवस्था आहे. समीक्षक हिरोकी अझुमा यांनी २००७च्या पुस्तकात गेमच्या अंगाने लिहिल्या जाणाऱ्या कथांचा विचार करताना नेमक्या या फटीकडे लक्ष वेधले: पात्र एकच आयुष्य जगते, खेळणारा अनेक शेवट पाहून बसलेला असतो. नागात्सुकींनी ते ओझे खेळणाऱ्याच्या डोक्यातून काढून नायकाच्या डोक्यात ठेवले. नव्या जन्माने पाटी कोरी होते म्हणणाऱ्यांनी सुबारुची पाटी एकदा बघावी.

लीफ कंपनीचा 'उतावारेरुमोनो' (२००२) आणखी पुढे जातो. चेहऱ्यावरून न निघणारा मुखवटा, हरवलेली स्मृती आणि अनोळखी खेड्यात आलेली जाग. हाकुओरोची सुरुवात अगदी साच्यातली. तो शेतीला मदत करतो, जुलमी सत्तेविरुद्ध उठावाचे नेतृत्व करतो, राजा होतो. आणि शेवटाकडे कळते, की हे परजग म्हणजे दूरच्या भविष्यातली आपलीच पृथ्वी, आणि इथल्या प्राण्यांसारखे कान-शेपट्या असलेल्या माणसांचे मूळ मानवानेच केलेल्या प्रयोगांत आहे. पळून जाणार तरी कुठे?

या कथा एकलकोंड्या तरुणांसाठीच असतात, हेही खरे नाही. कोएईचा 'हारुकानारु तोकी नो नाका दे' २०००मध्ये मुलींसाठीच निघाला. त्यात आकाने ही शाळकरी मुलगी हेइआन काळातल्या क्योतोसारख्या नगरीत ओढली जाते. तिच्या पदरी जबाबदारी येते, तीही न मागता.

आक्षेपकांना खरा दारूगोळा हवा असेल, तर तो वेगळ्या कोठारात आहे. 'यू-नो' आणि 'उतावारेरुमोनो' यांच्या मूळ आवृत्त्या प्रौढांसाठीच्या होत्या, आणि त्यांतले स्त्रियांचे चित्रण जागोजाग खटकते. त्यावर कठोर लिहावे. मी विरोध करणार नाही. पण 'जगापासून पळ' हा आरोप करायचा, तर निदान गेम शेवटपर्यंत खेळलेला असावा. 'यू-नो'ची नवी आवृत्ती इंग्रजीत २०१९मध्ये आली, 'उतावारेरुमोनो'ची २०२०मध्ये. न वाचता झोडपण्याची सबब आता उरलेली नाही.