देह हजर करा : परभणीचे दोन मृत्यू आणि उच्च न्यायालय

नांदेडहून मनमाडकडे जाणाऱ्या गाडीत बसले की पूर्णा मागे टाकून परभणी लागते. लातूरकर परळीमार्गे तेथे पोहोचतात. कोठडीतील मृत्यूंचा मराठवाड्याचा इतिहास ज्याला वाचायचा आहे, त्याने याच स्थानकावर उतरावे असे आम्हांला वाटते. बावीस वर्षांच्या अंतराने या एका शहराशी जोडल्या गेलेल्या दोन घरांनी उच्च न्यायालयाचे दार ठोठावले, आणि दोन्ही वेळा वाद तपासाइतकाच कथनाचाही होता.

ख्वाजा यूनुस हा परभणीचा तरुण अभियंता. घाटकोपर बॉम्बस्फोटाच्या प्रकरणात डिसेंबर २००२ मध्ये त्याला अटक झाली. जानेवारी २००३ मध्ये पोलिसांनी सांगितले की, त्याला औरंगाबादकडे नेत असताना पारनेरजवळ जीप दरीत कोसळली आणि तो पसार झाला. ‘पसार’ हा शब्द जरा थांबून वाचण्याजोगा आहे. मृत्यू म्हटला की पंचनामा आला, शवविच्छेदन आले, उत्तरदायित्व आले. पसार झालेल्या माणसाचे मात्र काहीच द्यावे लागत नाही; उलट त्याच्यावरच आणखी एक गुन्हा चढतो. एका क्रियापदाने कर्ताच बदलला.

कुटुंबाने मुंबई उच्च न्यायालयात हेबियस कॉर्पसची याचिका केली. या लॅटिन शब्दांचा अर्थ इतकाच की देह हजर करा. तो देह आजतागायत कोणाला दिसलेला नाही. परंतु न्यायालयाने तपास राज्य गुन्हे अन्वेषण विभागाकडे सोपवला, आणि पोलिसांनीच पोलिसांची गोष्ट खोटी ठरवली. यूनुसचा मृत्यू कोठडीतच झाला, असा निष्कर्ष निघाला. चौदा पोलिसांवर ठपका आला. शासनाने खटल्याला मंजुरी दिली ती फक्त चौघांपुरती. स्फोटाच्या खटल्यातील सहआरोपी २००५ मध्ये निर्दोष सुटले. आई आसिया बेगम लढत राहिल्या. २०१२ मध्ये उच्च न्यायालयाने एकूण वीस लाखांची भरपाई ठरवली. प्रत्यक्ष खटल्यातील महत्त्वाची साक्ष नोंदली गेली ती २०१८ मध्ये, म्हणजे पंधरा वर्षांनी. तिच्या आधारे आणखी चार पोलिसांना आरोपी करावे, असा अर्ज करणाऱ्या विशेष सरकारी वकिलांची नेमणूकच पुढे रद्द झाली. न्यायालय तपास हलवू शकते, पण मंजुरीची आणि नेमणुकीची किल्ली शासनाच्याच कमरेला असते.

मधल्या काळात कायदा बदलला. पूर्वी कोठडीतील मृत्यूची चौकशी कार्यकारी दंडाधिकारी, म्हणजे बहुधा महसूल खात्यातलाच अधिकारी करी. २००५ च्या दुरुस्तीने फौजदारी प्रक्रिया संहितेत कलम १७६ (१-अ) आले आणि ती न्यायदंडाधिकाऱ्याकडे गेली; नव्या भारतीय नागरिक सुरक्षा संहितेत तीच तरतूद कलम १९६ मध्ये आहे. ललिता कुमारी खटल्यात २०१३ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने दखलपात्र गुन्ह्याची खबर मिळताच गुन्हा नोंदवणे बंधनकारक ठरवले.

या बदलांची परीक्षा पुन्हा परभणीतच झाली. १० डिसेंबर २०२४ रोजी डॉ. आंबेडकरांच्या पुतळ्यासमोरील संविधानाच्या प्रतिकृतीची विटंबना झाली. दुसऱ्या दिवशीच्या बंदला हिंसक वळण लागले आणि धरपकड झाली. तीत विधीचे विद्यार्थी सोमनाथ सूर्यवंशी होते. १५ डिसेंबरला न्यायालयीन कोठडीत असताना ते मरण पावले. संविधानाच्या अवमानानंतर उसळलेल्या प्रक्षोभात कायदा शिकणारा माणूस कोठडीत मरतो, हे एखाद्या कादंबरीकाराने लिहिले असते तर आपण त्याला अतिरंजित म्हटले असते.

या वेळी देह होता. छत्रपती संभाजीनगरच्या शासकीय वैद्यकीय महाविद्यालयातील शवविच्छेदनाने अनेक जखमांमुळे झालेल्या आघाताकडे बोट दाखवले. विधानसभेत मात्र श्वसनाच्या आजाराचा उल्लेख झाला आणि मारहाणीचा पुरावा नसल्याचे सांगण्यात आले. दंडाधिकाऱ्यांच्या चौकशीने पोलिसांना जबाबदार धरले. तरीही गुन्हा नोंदला गेला नाही. तेव्हा आई विजयाबाई औरंगाबाद खंडपीठापुढे गेल्या. ४ जुलै २०२५ रोजी खंडपीठाने आठवड्याच्या आत गुन्हा नोंदवण्याचा आदेश दिला. शासन सर्वोच्च न्यायालयात गेले. ३० जुलैला ते आव्हान फेटाळले गेले.

कायद्यात एवढे सगळे लिहिलेले असताना साध्या नोंदीसाठी सात महिने आणि दोन न्यायालये लागली. आणि तीही खंडपीठ जवळ होते म्हणून. १९८१ मध्ये ते औरंगाबादला सुरू होण्यापूर्वी नांदेड, लातूर, परभणीच्या माणसाला अशा दादेसाठी मुंबई गाठावी लागे. १९५६ पूर्वी हैदराबाद. त्या काळातल्या किती आया स्थानकापर्यंतही पोहोचल्या नसतील, त्यांच्या मुलांच्या नावापुढे ठाण्याच्या दप्तरात ‘अकस्मात मृत्यू’ एवढीच नोंद असेल.