‘साबर बोंडं’: स्वतःवरचा सिनेमा साधन म्हणून कसा वाचायचा?

मागच्या सुट्टीत घरी, गोंदियाला गेलो तेव्हा इतिहासात एम. ए. करणाऱ्या एकीने विचारलं, “दादा, दिग्दर्शकाने स्वतःच्या आयुष्यावर काढलेला सिनेमा साधन म्हणून घेता येतो का?” येतो. पण कशाचं साधन, हे आधी ठरवा.

रोहन परशुराम कानवडे यांचा ‘साबर बोंडं’ घ्या. जानेवारी २०२५ मध्ये सनडान्स महोत्सवात जागतिक कथापटांच्या विभागात त्याला ग्रँड ज्युरी पारितोषिक मिळालं. मुंबईत राहणारा आनंद वडील गेल्यावर दहा दिवसांच्या सुतकासाठी गावी येतो. पाहुणे लग्नाचं विचारत राहतात (आपल्याकडेही मयतीच्या घरी “लगन कवा करतोस बाबू?” सुटत नाही). आनंद समलिंगी आहे, आईला ते माहीत आहे. गावात त्याला बालमित्र बाळ्या पुन्हा भेटतो आणि दोघं जवळ येतात.

कानवडेंचे वडील २०१६ मध्ये गेले. गावातले ते दिवस खरे, लग्नाचा तगादाही खरा. मग सिनेमा म्हणजे २०१६ ची नोंद? इथेच आपली घाई होते. बाळ्या त्या दिवसांत नव्हता. असं कुणी सोबत असतं तर, या विचारातून तो आला, हे दिग्दर्शकानेच मुलाखतींत सांगितलंय. मला विचाराल तर तुमच्या प्रबंधासाठी हा कल्पित बाळ्याच जास्त मोलाचा. सुतकाच्या रीती तुम्हाला इतर साधनांतही सापडतील. पण भरल्या घरात एका माणसाला काय कमी वाटत होतं, हे कुठल्या दफ्तरात मिळणार?

आता शेजारी कायदा ठेवा. सर्वोच्च न्यायालयाच्या २०१३ च्या निकालामुळे कलम ३७७ पुन्हा लागू झालं होतं, म्हणजे २०१६ मध्ये असे संबंध गुन्हा ठरत. ६ सप्टेंबर २०१८ ला प्रौढांचे संमतीचे संबंध त्यातून वगळले गेले. १७ ऑक्टोबर २०२३ ला मात्र न्यायालयाने समलिंगी विवाहाला मान्यता नाकारली. सिनेमात दडपण आहे ते कोर्टाचं नाही, नातेवाइकांचं. यावरून ‘कायद्याने काही फरक पडला नाही’ असं लिहू नका हं. एका घराची गोष्ट तेवढा भार पेलत नाही.

म्हणून टिपणवहीत अशा सिनेमासाठी तीन रकाने करा: घडलं कधी, रचलं कधी, दाखवलं कधी. भारतातल्या चित्रपटगृहांत तो १९ सप्टेंबर २०२५ ला लागला, ते तिसऱ्यात. बाळ्याला पहिल्या रकान्यात टाकू नका.