घोरपडे बंधूंचा पितृसूड

इ. स. १६८९ च्या फेब्रुवारीत मुघल सरदार मुकर्रबखानाने छत्रपती संभाजी महाराजांस संगमेश्वरी कैद केले. त्या झटापटीत म्हाळोजी घोरपडे धारातीर्थी पडले. त्यांचे पुत्र संताजी, बहिर्जी व मालोजी यांनी त्यानंतर औरंगजेबाच्या छावणीवर छापा घालून बादशाही तंबूचे सोन्याचे कळस कापून आणले, अशी हकीकत बखरींत येते. तिचे तपशील चिकित्सेनेच स्वीकारावयास हवेत. तथापि पितृवधाचे शल्य विशेषतः संताजींनी राज्यरक्षणाच्या कार्यात विलीन केले, हे त्यांच्या पुढील मोहिमांवरून दिसून येते. १६९५ त दोड्डेरी येथे त्यांनी कासीमखानाचा पुरा मोड केला.

याउलट, जून १६९७ मध्ये म्हसवडच्या नागोजी माने याने संताजींचाच वध केला. संताजींच्या आज्ञेने मारल्या गेलेल्या अमृतराव निंबाळकरांची बहीण राधाबाई ही नागोजीची पत्नी; बंधुवधाच्या सूडास तिनेच पतीस प्रवृत्त केले, अशी परंपरा आहे. राजाराम महाराजांशी संताजींचा बेबनाव झाल्यामुळे हे घराण्याचे वैर आवरणारी सत्ताही उरली नव्हती. दोन्ही प्रसंगी मूळ भावना एकच होती. पहिल्या प्रसंगी तिने राज्यास सेनापती दिला, दुसऱ्या प्रसंगी तो हिरावून घेतला.