लेकापेक्षा सहा वर्षांनी मोठा बाप

बिमल रॉय यांचा ‘दो बिघा जमीन’ (१९५३) म्हटले की बलराज साहनींची हातरिक्षा आठवते. मला मात्र आधी आठवतो तो शंभूचा म्हातारा बाप. तो उभा केला आपल्या नाना पळशीकरांनी. साहनींचा जन्म १९१३ चा, पळशीकरांचा १९०७ चा. म्हणजे बाप लेकापेक्षा अवघ्या सहा वर्षांनी मोठा! पंचेचाळिशीच्या आसपासच्या माणसाने वाकलेली पाठ आणि हरलेली नजर अशी काही अंगावर घेतली, की पुढे हिंदी सिनेमाने त्यांना तरुण होऊच दिले नाही. गरीब बाप, म्हातारा नोकर, पिचलेला शेतकरी हेच त्यांच्या वाट्याला येत राहिले.

आमच्या बदलापूर-अंबरनाथ भागात हा चित्रपट जरा वेगळा दिसतो. जमीनदाराला गिरणीसाठी शंभूची दोन बिघे हवी असतात. इथे कारखाने आले, त्यांना पाणी हवे झाले आणि औद्योगिक विकास महामंडळाने १९७२ साली बारवी धरण बांधले. पुढे उंची टप्प्याटप्प्याने वाढली, तशी आणखी घरे-शेते पाण्याखाली गेली. दोन्ही गोष्टी एक नव्हेत, हे मान्य. धरण कुणा एका सावकाराच्या हावेपोटी झाले नाही, आणि त्याच पाण्यावर मीही जगतो. पण जमीन गेल्यावर तरुण माणूस शहरात काहीतरी ओढून पोट भरतो. म्हाताऱ्याने कुठे जायचे? बारवीकडे गेलो की मला पळशीकरांचा तो चेहरा दिसतो, तो यामुळे.

मानसन्मानाचे म्हणाल तर पहिल्या फिल्मफेअर सोहळ्यात, १९५४ साली, सहायक अभिनेत्यासाठी पारितोषिकच नव्हते. ते पुढच्या वर्षी सुरू झाले आणि ‘बूट पॉलिश’साठी डेव्हिडना मिळाले. पळशीकरांना ते मिळाले बी. आर. चोप्रांच्या ‘कानून’साठी (१९६०). एकही गाणे नसलेला चित्रपट! चोरी करायला शिरलेला भुरटा चोर खुनाच्या आरोपात अडकतो. खून त्याने केलेला नाही हे प्रेक्षकाला ठाऊक असते, न्यायालयाला नसते. अशोककुमार, राजेंद्रकुमार यांच्यासारखे तारे समोर असताना माझे लक्ष त्या आरोपीच्या पिंजऱ्यावरून हलत नाही. पुढे अब्बासांच्या ‘शहर और सपना’साठी (१९६३) त्यांना हेच पारितोषिक पुन्हा मिळाले. मुंबईत घर न मिळाल्याने मोठ्या पाइपात संसार मांडणाऱ्या जोडप्याची ती कथा. त्या वर्षीच्या सर्वोत्कृष्ट चित्रपटाचे राष्ट्रीय पारितोषिकही तिने मिळवले.

इतके करूनही रस्त्यात लोक त्यांना नावाने किती ओळखत असतील, कोण जाणे. ‘अरे, हा तो बाप!’ एवढेच बहुधा.

अ‍ॅटनबरोंच्या ‘गांधी’तही (१९८२) ते आहेत. श्रेयनामावलीत भूमिकेपुढे एकच शब्द आहे, गावकरी. त्यानंतर दोनच वर्षांनी, १९८४ मध्ये ते गेले.