अलिखित धर्माचे अवशेष

ज्या धर्माला ग्रंथ नाहीं, त्याचे आचार्य नाहींसे झाले म्हणजे मागें काय उरतें, या प्रश्नाचें उत्तर केल्ट लोकांच्या इतिहासांत शोधण्यासारखें आहे. इसवी सनापूर्वीं गॉल म्हणजे आजचा फ्रान्स, ब्रिटन व आयर्लंड या देशांत त्यांच्या अनेक जमाती नांदत होत्या. ड्रुइड हे त्यांचे धर्माचार्य, न्यायाधीश आणि शिक्षकही. गॉल जिंकणाऱ्या जूलियस सीझरनें लिहून ठेविलें आहे कीं, कित्येक शिष्य वीस वीस वर्षें या विद्येसाठीं घालवीत व असंख्य पद्यें मुखोद्गत करीत. इतर व्यवहारांत ग्रीक लिपि चाले. धर्मविद्या लिहिणें मात्र निषिद्ध होतें. ती विद्या सामान्यांच्या हातीं जाऊं नये आणि अक्षरांवर विसंबून शिष्यांची स्मरणशक्ति मंदावूं नये, हीं दोन कारणें तोच देतो.

परंतु जी विद्या माणसांच्याच ठायीं असते, ती त्यांच्याबरोबर मारतां येते. रोमन सम्राट तिबेरियस व क्लॉडियस यांनीं ड्रुइडांवर बंदी घातली. इ. स. ६० च्या सुमारास सेनापति सुएटोनियस पॉलिनस यानें वेल्सच्या किनाऱ्यालगतच्या मोना, म्हणजे आजच्या अँग्लसी, बेटावर स्वारी करून तेथील पवित्र उपवनें तोडविलीं. त्याच बेटावर १९४२ सालीं विमानतळ बांधतांना एका जुन्या तळ्याच्या दलदलींत तरवारी, भाले, रथांचे भाग व गुलामांच्या गळ्यांत अडकविण्याच्या लोखंडी सांखळ्या सांपडल्या. हे जिन्नस देवतांना पाण्यांत अर्पिलेले होते. त्यांतील एक सांखळी इतकी मजबूत होती कीं, तिची ओळख पटण्यापूर्वीं कामगारांनीं तिनें चिखलांत रुतलेल्या लॉऱ्या ओढून काढल्या! लोखंड टिकलें, ज्या मंत्रांनीं तें अर्पण झालें ते लोपले.

मग उरलें काय? पहिली गोष्ट कालगणना. १८९७ सालीं फ्रान्समध्यें कोलिनी येथें काशाच्या पत्र्याचे तुकडे सांपडले. त्यांवर पांच वर्षांचें पंचांग गॉल लोकांच्या भाषेंत, पण रोमन अक्षरांत कोरलेलें आहे. महिने चंद्राचे, सूर्याशीं मेळ राहावा म्हणून पांच वर्षांत दोन अधिक महिने धरिले आहेत. केल्ट लोक दिवस रात्रीपासून मोजीत, असेंही सीझर सांगतो. म्हणूनच आयर्लंडांतील साउइन हा हिंवाळ्याच्या आरंभाचा सण ३१ ऑक्टोबरच्या सायंकाळीं सुरू होई. पुढें १ नोव्हेंबर हा ख्रिस्ती सर्वसंतांचा दिवस झाला, तरी त्या रात्रीं अदृश्य लोकाचीं द्वारें उघडतात ही समजूत लोकांत राहिली. १८४५ पासूनच्या दुष्काळांत अमेरिकेस गेलेल्या आयरिश लोकांनीं ती रात्र बरोबर नेली. आज ती ‘हॅलोवीन’ या नांवानें अनेक देशांत साजरी होते.

दुसरी गोष्ट देवता. आयर्लंडावर रोमचा अंमल कधींच बसला नाहीं. तेथें पांचव्या शतकांत ख्रिस्ती धर्म रुजला, आणि ड्रुइडांनीं जें लिहिलें नाहीं त्यांतील कांहीं ख्रिस्ती मठवासीयांनीं लिहिलें. कवींची, वैद्यांची व लोहारांची देवता ब्रिजिड त्यांच्या लेखणीमुळेंच आपणांस ठाऊक आहे. त्याच नांवाच्या साध्वीचा मठ किल्डेअर येथें होता. ‘ओकवृक्षाचें मंदिर’ हा त्या गांवाच्या नांवाचा अर्थ. आणि ओक हा तर ड्रुइडांचा पूज्य वृक्ष! बाराव्या शतकांत वेल्सच्या जेराल्डनें तेथील अखंड अग्नीचें वर्णन केलें आहे. एकोणीस संन्यासिनी एकेक रात्र अग्नि राखीत. विसावी रात्र स्वतः ब्रिजिडची मानीत. देवी व साध्वी यांचा संबंध कितपत, याविषयीं पंडितांत वाद आहे. पण १ फेब्रुवारी हा साध्वीचा दिवस जुन्या वसंतारंभाचाच होय, आणि २०२३ पासून आयर्लंडांत तिच्या नांवें सार्वजनिक सुटी मिळते.

मात्र जें जुनें भासतें तें सर्व जुनें नव्हे. स्टोनहेंजचीं शिलावर्तुळें ड्रुइडांच्या कोणत्याही उल्लेखाहून दोन हजार वर्षांनीं प्राचीन आहेत. उलट, वेल्समधील कविसंमेलनांत झगे घालून होणारा ड्रुइडांचा म्हणून मानलेला विधि १७९२ सालीं इओलो मॉर्गनुग या कवीनें लंडनमध्यें सुरू केला.

सामान्यांच्या हातीं पडूं नये म्हणून जें जपलें तें आचार्यांबरोबर गेलें. जें आधींपासूनच सामान्यांच्या हातीं होतें, म्हणजे सण, तिथि आणि एका देवतेचें नांव, तेंच उरलें.