निसर्गाचे नैतिक मूल्य : आदिलाबाद परिसर

माणसाला होणारा उपयोग बाजूला ठेवला तरी झाड, प्राणी, नदी, डोंगर किंवा अख्ख्या रानाबद्दल आपले काही कर्तव्य उरते का, हा पर्यावरणीय नीतिशास्त्राचा मूळ प्रश्न. उपयोगामुळे येणाऱ्या किमतीला साधनमूल्य म्हणतात. उपयोग असो वा नसो, एखाद्या गोष्टीच्या ठायी असणाऱ्या मूल्याला स्वतोमूल्य. सागाच्या ओंडक्याचा भाव वखारीत ठरतो. उभा साग तोडू नये असे म्हणणाऱ्याला मात्र आपले कारण सांगावे लागते, आणि ते कारण शोधण्यातच या विद्याशाखेची पन्नासेक वर्षे गेली आहेत. तेलंगणातील आदिलाबाद परिसरात हा प्रश्न गोंड, कोलाम, परधान आणि तोटी लोकांच्या जमिनीच्या हक्काला जोडूनच उभा राहिला. तत्त्वज्ञानाच्या ग्रंथांनी या दोन गोष्टी फार काळ वेगवेगळ्या कप्प्यांत ठेवल्या. म्हणून या परिसराची साक्ष मोलाची आहे.

आदिलाबाद म्हणजे येथे जुना अखंड जिल्हा. ऑक्टोबर २०१६ मध्ये त्याचे आदिलाबाद, निर्मल, मंचेरियाल आणि कुमुरम भीम आसिफाबाद असे चार जिल्हे झाले. उत्तरेला पैनगंगा, दक्षिणेला गोदावरी आणि मधल्या डोंगराळ मुलखात सागाचे व बांबूचे रान. आज महाराष्ट्रात असलेले किनवट आणि राजुरा १९५६ पर्यंत याच जिल्ह्यात होते. इकडे मराठी सहज कळते, आणि गोंडांच्या सोयरिकींना राज्याची हद्द कधी आडवी आलेली नाही.

आधुनिक चर्चेची पायाभरणी अमेरिकी वनतज्ज्ञ आल्डो लिओपोल्ड यांनी केली. त्यांच्या निधनानंतर १९४९ साली निघालेल्या पुस्तकात माती, पाणी, वनस्पती आणि प्राणी यांना त्यांनी माणसाच्या नैतिक समाजाचे सभासद मानले. १९७३ साली नॉर्वेच्या आर्ने नेस यांनी ‘सखोल परिसरविचार’ मांडला, तर ऑस्ट्रेलियात काम करणाऱ्या रिचर्ड राउटली यांनी एक काल्पनिक कसोटी पुढे ठेवली. पृथ्वीवर शेवटचा एक माणूस उरला आहे. मरता मरता त्याने उरलेली सगळी झाडे आणि प्राणी नष्ट केले, तर त्याने काही वाईट केले का? नुकसान सोसायला दुसरा माणूसच नाही. तरीही बहुतेकांचे मन ‘हो, वाईट केले’ असे सांगते, आणि राउटली यांच्या मते यातून निसर्गाला माणसावेगळे मूल्य असल्याचे दिसते. होम्स रोल्स्टन (१९७५) आणि पॉल टेलर (१९८६) यांनी हा धागा पुढे नेला.

ही कसोटी चतुर आहे, पण तिच्यातला माणूस निराधार आहे. त्याला गाव नाही, शेजारी नाही, पूर्वज नाहीत. आदिलाबादच्या डोंगरातला विचार नेमका दुसऱ्या टोकापासून सुरू होतो. तिथे लक्ष असते ते पहिल्या माणसाकडे, म्हणजे गाव वसवणाऱ्याकडे.

या भागात १९४० च्या दशकात राहून अभ्यास केलेले ऑस्ट्रियन मानवशास्त्रज्ञ क्रिस्टोफ फॉन फ्यूरर-हायमेनडॉर्फ यांनी राजगोंडांच्या विधींची बारकाईने नोंद केली आहे. गाव बसवणारा पाटील त्या जागेच्या दैवतांशी आधी नाते जोडतो. गावाचा राखणदार आकी पेन आणि ग्रामदेवी अव्वल यांची स्थापना झाली की गाव त्या भूमीचे होते. मोहाची नवी फुले असोत की शेतातले नवे धान्य, दैवतांना दिल्याखेरीज घरात खायचे नाही. घेण्यात पाप नाही. न विचारता घेण्यात आहे. विशेष म्हणजे डोंगरातल्या आणि रानातल्या स्थानिक दैवतांची पूजा करायची तर गोंड पुष्कळदा कोलाम पुजाऱ्याला बोलावतात. राजगोंड नांगरशेती करणारे, एके काळी राजे असलेले. कोलाम उतारावर फिरती शेती करणारे, संख्येने थोडे आणि गरीब. पण त्या डोंगराशी बोलण्याचा अधिकार कोलामांचा मानला जातो. उशिरा आलेल्याने आधीपासून असलेल्याचा मान राखायचा, हा यातला नैतिक गाभा आहे, आणि तो देव, डोंगर, जनावर व शेजारी या सगळ्यांना सारखाच लागू पडतो.

इंद्रवेल्लीजवळच्या केसलापूर येथे पौष अमावास्येला भरणारी नागोबाची जत्रा हेच नाते दरवर्षी नव्याने बांधते. मेसराम कुळातली मंडळी जन्नारमकडच्या हस्तिनमडुगू येथे पायी जाऊन गोदावरीचे पाणी आणतात आणि त्याने नागोबाची पूजा करतात. कुळात लग्न होऊन आलेल्या नव्या सुनांची देवाशी भेट घडवल्यावरच त्या कुळाच्या झाल्या असे मानतात. नदी, साप, कुळ आणि सून एकाच विधीत येतात. पाण्याचे मूल्य इथे साधनमूल्य की स्वतोमूल्य, असे विचारले तर उत्तर अडखळते, कारण ते मूल्य नात्यात आहे. अलीकडचे काही तत्त्वज्ञ अशा मूल्याला संबंधमूल्य म्हणू लागले आहेत. प्रस्तुत लेखकाला ही तिसरी वाट पहिल्या दोहोंपेक्षा खरी वाटते.

याला ‘निसर्गपूजक आदिवासी’ अशी सोपी पाटी लावणे मात्र अन्यायाचे ठरेल. गोंड शेतकरी आहेत. त्यांनी रान तोडून शेते केली, शिकार केली, आज ते कापूस पिकवतात. त्यांच्याकडून अस्पर्श अरण्याच्या पहारेकऱ्याची अपेक्षा ठेवणारा माणूस त्यांना माणूसपणच नाकारतो.

निजामाच्या राजवटीत सरकार या भूमीवर आले तेव्हा त्याने कोणालाही विचारले नाही. विसाव्या शतकाच्या सुरुवातीच्या दशकांत राखीव जंगलांच्या हद्दी आखल्या गेल्या. डोंगरावरची हलकी जमीन काही वर्षे कसून मग पडीक ठेवायची, दम भरला की पुन्हा कसायची, ही गोंडांची रीत. मातीला विश्रांती देणारी ही पद्धत सरकारी नकाशात बसेना. पडीक ठेवलेले शेत जंगल म्हणून नोंदले गेले आणि परत नांगर घालणारा अतिक्रमक ठरला. राखण्यामागे वाघाची किंवा झाडाची कणव नव्हती. साग महसूल देत होता, आणि पुढे कागजनगरच्या कागद कारखान्याला बांबू हवा होता. साधनमूल्याचा हिशेब त्या काळी इतका उघड होता.

गोंडांचे नेते कुमुरम भीम यांचे बंड या पार्श्वभूमीवर उभे राहिले. १९४० साली जोडेघाटच्या डोंगरात ते आणि त्यांचे साथीदार पोलिसांच्या गोळ्यांनी मारले गेले. ‘जल, जंगल, जमीन’ ही घोषणा त्यांच्या नावाशी कायमची जोडली गेली आहे. तिला केवळ मालकीची मागणी समजणारे तिच्या क्रमाकडे पाहत नाहीत: शेत शेवटी येते, आणि पाणी व रान ही कोणा एकाची मालमत्ता होऊ शकत नाहीत.

बंडानंतर निजाम सरकारने हायमेनडॉर्फ यांची मदत घेतली. पट्टे वाटले गेले, उटनूरकडच्या मारलवाई येथे शिक्षक घडवण्याचे केंद्र निघाले, गोंडी वाचनपुस्तके देवनागरीत छापली गेली. या कामात मराठी वाचकांना इतिहासकार म्हणून माहीत असलेले सेतुमाधवराव पगडी होते. आदिलाबादेत अधिकारी असताना ते गोंडी आणि कोलामी शिकले, दोन्ही भाषांची व्याकरणे लिहिली आणि आदिलाबादच्या गोंडांवर पुस्तक केले. ज्या माणसांच्या जमिनीचा निवाडा करायचा त्यांची भाषा आधी शिकणे, हे त्यांचे वागणे शिवाजीकालीन संशोधनाइतकेच आदराने आठवावे असे आहे. पुढे बाहेरून आलेल्या वस्तीने आणि सावकारीने हे पट्टे पुष्कळ ठिकाणी गिळले. २० एप्रिल १९८१ रोजी इंद्रवेल्लीत जमिनीच्या प्रश्नावर जमलेल्या गोंडांवर पोलिसांनी गोळीबार केला. सरकारी आकडा १३ मृतांचा आहे, लोक याहून कितीतरी जास्त सांगतात.

स्वतोमूल्याचा विचार भारतीय जंगलात आणताना काय होते, हे इतिहासकार रामचंद्र गुहा यांनी १९८९ च्या एका गाजलेल्या निबंधात दाखवले. विरळ वस्तीच्या देशात जन्मलेली ‘मनुष्यविरहित अरण्या’ची कल्पना दाट वस्तीच्या देशात लादली की तिचा भार सर्वांत गरिबांवर पडतो, असा त्यांचा आक्षेप होता आणि व्याघ्रप्रकल्प हे त्यांचे उदाहरण. आदिलाबादेत २०१२ साली कावल व्याघ्रप्रकल्प जाहीर झाला. त्याच्या गाभ्यातील मैसमपेट आणि रामपूर ही गावे उठवून दुसरीकडे वसवण्यात आली. जून २०१९ मध्ये कागजनगर भागातील कोलामगोंदीच्या कोलाम कुटुंबांना त्यांच्या घरांतून काढून वनखात्याच्या डेपोत ठेवल्याचे प्रकरण तेलंगणा उच्च न्यायालयापुढे गेले. ज्यांना डोंगराशी बोलण्याचा मान होता, त्यांना लाकडाच्या डेपोत ठेवले गेले.

वाघाची बाजूही तितकीच खरी आहे. ताडोबा आणि यवतमाळमधील टिपेश्वर येथे वाढलेले वाघ पैनगंगा आणि प्राणहिता ओलांडून या रानात उतरतात. त्यांना एका रानातून दुसऱ्यात नेणारे सलग रान, म्हणजे जोडरान लागते. ते तुटले तर वाघ बेटांवर अडकल्यासारखे होतील. या वाघांनी शेतमजूर आणि गुराखी मारले आहेत, आणि काही वाघही विजेच्या तारा व विषाने मेले आहेत. ३० मे २०२५ रोजी तेलंगणा सरकारने कावल आणि ताडोबा यांना जोडणारे रान कुमुरम भीम संवर्धन राखीव म्हणून जाहीर केले. गावांशी न बोलता काढलेल्या या आदेशाविरुद्ध आदिवासी संघटना उठल्या आणि जुलैमध्ये सरकारला तो स्थगित करावा लागला. भीम यांचेच नाव देऊन रान पुन्हा न विचारता राखीव करणे, यातला घाव आदेश लिहिणाऱ्यांना जाणवायला हवा होता.

न्यायालयांची भाषा मधल्या काळात बदलली आहे. १५ एप्रिल २०१३ रोजी गीरच्या सिंहांच्या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने मानवकेंद्री दृष्टी सोडून निसर्गकेंद्री दृष्टी घ्यावी असे म्हटले. तीनच दिवसांनी, १८ एप्रिलला, ओडिशातील नियमगिरीच्या खटल्यात त्याच न्यायालयाने डोंगरावरील खाणीचा प्रश्न ग्रामसभांकडे सोपवला, कारण तिथे डोंगरिया कोंधांचा देव आहे. बारा ग्रामसभांनी खाण नाकारली. हे दोन निकाल एकत्र वाचावेत. पहिला एकटा वाचला की अधिकाऱ्याच्या हाती निसर्गाच्या नावाची काठी येते. १८ एप्रिल २०२४ रोजी तेलंगणातील वनजमिनीच्या खटल्यातही न्यायालयाने निसर्गकेंद्री विचाराचा आग्रह धरला. त्या खटल्यात समोर जमिनीवर खासगी मालकी सांगणारे होते, वननिवासी नव्हते. हा फरक पुढच्या वकिलांनी विसरू नये.

२००६ च्या वनहक्क कायद्यात निसर्गकेंद्री विचार आणि ग्रामसभेचा अधिकार यांना जोडणारी तरतूद आहे. त्याचे पाचवे कलम ग्रामसभेला वन, वन्यजीव, जैवविविधता आणि पाणलोट राखण्याचा अधिकार देते, आणि हक्क व कर्तव्य एकाच हाती ठेवते. गडचिरोलीतील मेंढा-लेखा गावाला २००९ साली सामूहिक वनहक्क मिळाला आणि तिथल्या गोंड ग्रामसभेने बांबूची तोड, विक्री व राखण स्वतः चालवून दाखवली. तेलंगणात ३० जून २०२३ रोजी आसिफाबादेत पोडू, म्हणजे रानात कसल्या जाणाऱ्या, जमिनींच्या पट्ट्यांचे मोठे वाटप सुरू झाले, पण ते पट्टे व्यक्तिगत शेतांचे होते. शेताचा तुकडा मिळालेला माणूस आपले पीक राखील; शिवारापलीकडचे रान, वाघाची वाट आणि मोहाची झाडे गावाच्या नावे झाल्याशिवाय त्यांचा कारभार चालवण्याचा सामूहिक हक्क गावाला मिळत नाही. केसलापूर आणि जोडेघाटच्या पट्ट्यात सामूहिक दावे नोंदवणे, त्यांच्या सीमा कोलाम व गोंड वडीलधाऱ्यांसोबत पायी फिरून ठरवणे आणि जोडरानाची आखणी त्या ग्रामसभांपुढे मांडणे, हे काम अजून बरेचसे व्हायचे आहे.